डॉक्टरची तेरवी

साधना : म्हंजे ते कार्ड तुमी टाकलं.

मुखरू : टाकलं.

साधना : माह्या गठ्ठ्यात.

मुखरू : तुमच्याच. एकशे चाळीस कार्डं रबर लावून टीव्हीवर ठेवले होते तुमी. तुमी चहा ठेवाले आत गेल्या, मी मधात सरकवून देल्लं. चहा मात्र फस्क्लास होता.

साधना : हासू नका, मुखरूभाऊ. आज हासू नका. बाहेर टेम्पोत माहं कपाट चढून राह्यलं. चोवीस वर्षं काढली मी या ऊर्जानगरात, आन जाताना गुणाबाईच्या नजरेत कोन म्हनून चालली? मेलेल्या मानसाच्या नावानं चिठ्ठी पाठवनारी.

मुखरू : म्हनूनच आलो ना. नाई तं तुमी एकडाव कोरपन्याले गेल्यावर मले कोन इचारनार होतं?

साधना : दीड वर्ष कुठी होते?

मुखरू : कॅन्टीनमधी. पोहे करत होतो.

साधना : मुखरूभाऊ.

मुखरू : हिंमत नवती, वैनी. क्वार्टरच्या मागं चिखलात हातानं वाघाचे पंजे उमटवाले हिंमत लागत नाई. हे सांगाले लागते.

साधना : त्या पंज्यापायी फारेस्टवाले तीन दिवस कॅमेरे लावून बसले होते.

मुखरू : त्यात माहाच फोटू आला ना. साहेब म्हने, वाघ टोपी घालते काय.

साधना : सगळ्यायची मस्करी केली तुमी. यायले बदलीचा कागद देल्ला खोटा, आमी दोन दिवस जेवलो नाई. चाललं. पन गेलेल्या सोमाजीभाऊची मस्करी? त्यायच्या बायकोनं, गुणाबाईनं, टीव्हीवर ऐकावं म्हनून?

मुखरू : तिथीच तं गाडी अडकली हाये. मस्करी नवती ते.

साधना : मंग काय होतं?

मुखरू : सोमाजीभाऊनंच लिवाले लावलं होतं.

साधना : काय बोलता?

मुखरू : नागपूरले. गेले त्याच्या वीस-बावीस दिवस आधी. गुणावैनी खाली गोळ्या आनाले गेल्या होत्या. मी उशाशी बसलो होतो, नर्सची नक्कल करून त्यायले हासवत होतो. त्यायनं तोंडावरचं नळीचं झाकन बाजूले केलं, म्हनले, मुखरू, कार्ड हाये का तुह्यापाशी? आता माह्या खिशात कार्ड रायतेच. खोट्या चिठ्ठ्यायचा कारखाना हाये आपला. म्हनले, लिव. 'आरोग्यधाम'वाल्यायले.

साधना : टीव्हीवरच्या शिरेलवाल्यायले?

मुखरू : मीही तेच म्हनलं. भाऊ, त्यातल्या डॉक्टर निरंजनले मरून सहा महिने झाले, त्याची तेरवी आपुन जेवलो. म्हनले, तू लिव. मी लिवलं. मले वाटलं तापात बोलून राह्यले. कार्ड गाडीच्या डिक्कीत टाकलं आन भुललो. ते गेले. मंग सातआठ महिन्यानं तुमचे कार्डं पाह्यले, निरंजनले परत आना म्हनून, तवा डिक्की आठवली. म्हनलं, मानसाची शेवटची चिठ्ठी हाये, जाऊ दे पोचून.

साधना : आन ते नेमकं टीव्हीवर वाचलं त्यायनं.

मुखरू : एकशे एकेचाळीसातून तेच वाचलं. मले काय माहीत?

साधना : मले पाठ हाये ते. "डॉक्टर निरंजनले परत आना. अजून एक आपरेशन करून पाह्याले पायजे होतं. मानूस इतक्या लवकर सोडू नये. सोमाजी, ऊर्जानगर, चंद्रपूर." सगळी लाईन बसली होती टीव्हीपुढं. गुणाबाई उठली आन मले म्हनली, खोटारडी.

मुखरू : मी खिडकीतून पाहात होतो.

साधना : थांबा, मुखरूभाऊ. नागपूरच्या डॉक्टरनं दुसऱ्या आपरेशनचं केव्हा इचारलं होतं?

मुखरू : त्याच दिशी. सकाळी. वाचले तं वाचले म्हने, आधे-आधे.

साधना : आन गुणाबाईनं दुसऱ्या दिशी कागदावर सही करून त्यायले घरी आनलं.

मुखरू : भाऊच म्हनले ना त्यायले. आता नको, घरी ने मले.

साधना : तिले ते म्हनले. आन तुमाले हे लिवाले लावलं.

मुखरू : हो.

साधना : म्हंजे त्यायले अजून...

मुखरू : बोलू नका, वैनी. मी दीड वर्ष झालं हे बोलत नाई.

साधना : आन माहं तोंड. निरंजन परत आला त्या दिशी मी पेढे वाटत फिरत होती. गुणाबाईच्या दारात उभी राहून म्हनली, पाहा, म्हनत होती ना मी, इरानं घाई केली सहीची.

मुखरू : तुमी इराबद्दल बोलल्या. शिरेलमधल्या.

साधना : मी इराबद्दल बोलली. तिनं कोनाबद्दल ऐकलं? शिरेलमधी निरंजन मशीनवर होता, बायकोनं सही केली, मशीन काढली. गुणाबाईनंही सहीच केली होती. मले त्या टायमाले काऊन नाई उमगलं? पेढ्याचा डब्बा होता हातात, तोंड चालूच.

मुखरू : तुमचं एकलीचं नाई. सगळी कालोनीच येडी झाली होती. निरंजनची तेरवी जेवलेले आन न जेवलेले. पान्याच्या टाकीवर दोन लाईनी, भिशीचे दोन तुकडे. बुधवारच्या बाजाराले जानाऱ्या बसमधी डाव्या बाजूनं निरंजनले मेला म्हननारे, उजव्या बाजूनं जिता म्हननारे. गिरजाबाई बिचारी तेरवी जेवून तुमच्या पार्टीत आली, तं तिले कोनी शीट देईना. कंडक्टरपाशी उभी राहून जाये.

साधना : तेरवी तुमीच केली होती.

मुखरू : केली ना. चंद्रपूरले कार्डं छापले. शोकाकुल म्हनून अख्ख्या लाईनीचे नावं टाकले. पेपरातला फोटू कापून हार घातला. वडे, वरन-भात, वांग्या-आलूची भाजी. शंभर लोकं जेवले, हासून हासून.

साधना : मी नाई जेवली. आमच्यात तेरवी रायत नाई.

मुखरू : म्हनून तं तुमाले त्याले जिता म्हनाले मोकळीक होती.

साधना : आता मी काय सांगते ते ऐका. गुणाबाईले हे सांगू नका.

मुखरू : आँ?

साधना : सोमाजीभाऊनं सांगतलं हे सांगू नका. तिनं त्यायच्या शब्दावर सही केली. त्या एका शब्दावर ती उभी हाये. तो काढून घेतला तं पडन ती.

मुखरू : मंग तुमी खोटारड्या रायसान.

साधना : राहू द्या. कोरपन्यात मले कोन वळखते?

मुखरू : नाई, वैनी. असं करू. कार्ड मी लिवलं. माह्याच मनानं, मस्करी म्हनून. माह्या नावावर एवढे हायेत, एक आनखी. कोनीही इस्वास ठेवन.

साधना : ती तुमाले उंबऱ्यात उभं करनार नाई मंग.

मुखरू : उंबऱ्यात उभं करून शेवटचा वडा कोनं देल्ला होता मले? मी चोरूनच खाल्ला. तुमी टेम्पो थांबवून ठेवा.

(लाईनीच्या दुसऱ्या टोकाचं क्वार्टर. गुणाबाई वालाच्या शेंगा सोलत बसली आहे.)

गुणाबाई : पाय पुसून ये. फरशी वली हाये.

मुखरू : पुसले. प्रणित ड्युटीवर?

गुणाबाई : फस्ट शिफ्ट. बापाच्या जागेवर लागला, बापासारखाच पाच मिनटं आधी जाते. तू काऊन आला? कॅन्टीन बंद पडलं का?

मुखरू : सुट्टी मारली. आना, शेंगा सोलतो.

गुणाबाई : तू सोलशीन तं अर्ध्या खाशीन. बस तिथी.

मुखरू : साधनाबाईचा टेम्पो भरून राह्यला.

गुणाबाई : डोळे हायेत मले.

मुखरू : भेटून नाई आल्या?

गुणाबाई : कोनाले?

मुखरू : बरं. शिरेल पाहाता का अजून? का सोडूनच देल्ली?

गुणाबाई : जुनी पाहते. प्रणितनं मोबाईलमधी लावून देल्ली. निरंजन मरते तिथंलग पाहते. त्याच्यापुढं नाई.

मुखरू : मंग काय करता?

गुणाबाई : मंग पुन्हा पयल्यापासून.

मुखरू : चौदा वर्षाची शिरेल, वैनी. कितवा डाव हाये हा?

गुणाबाई : मोजत नाई मी.

मुखरू : लोकं तं म्हनते, परत आल्यावर मजा येऊन राह्यली. त्याले आता जुळे झाले.

गुणाबाई : होवो. ज्याचा भात मी खाल्ला, त्याले जिता कसा म्हनू? पह्यले कशी होती रे ती शिरेल. मानसं दवाखान्यात येत, कोनी बरे होत, कोनी नाई होत. ज्याचं दुखनं असन तसंच दाखवे. त्या शिरेलीपायी तं यायनं छातीत दुखते म्हनून पयल्यांदा सांगतलं मले. निरंजन बोलला होता टीव्हीत, दुखनं लपवू नका. यायनं जेवता जेवता सांगून टाकलं.

मुखरू : मले माहीत नवतं हे.

गुणाबाई : तुले काय माहीत रायते? ते शिरेल खरं बोले म्हनून आमी पाहात होतो. मंग म्हने पुलाखालून आनून मशीनवर मेला तो दुसराच होता, आन निरंजन जंगलात होता, याददास्त गेली होती. त्यायच्या हिशोबानं तीन वर्षं. अंगावर मच्छरचा एक डाग नाई.

मुखरू : आलापल्लीच्या जंगलात एक रात काढून दाखवाव म्हना.

गुणाबाई : हासू नको. त्याच्यानं काय झालं, तुले समजत नाई. तो परत आला तं ती पोरगी चोर झाली. इरा. जिनं सही केली. सगळे तिच्याच अंगावर. घाई केली, घाई केली.

मुखरू : शिरेल हाये, वैनी.

गुणाबाई : तेरवीच्या दिशी हे पाटावर बसले होते. तुनंच बसवलं होतं मुख्य पाटावर, मस्करी म्हनून. सगळे हासत होते. यायनं डोळे पुसले. खरे पुसले. घरी आले आन म्हनले, बरं केलं त्या पोरीनं, मोकळं केलं त्याले. मानसाले वेळेवर मोकळं करता आलं पायजे. सहा महिन्यानं नागपूरच्या डॉक्टरनं माह्या हातात पेन देल्ला. मी यायच्या तोंडाकडं पाह्यलं. घरी ने म्हनले. मले तेरवीचं बोलनं आठवलं. मी सही केली.

मुखरू : बरोबर केली तुमी.

गुणाबाई : तुले इचारलं काय मी?

मुखरू : नाई.

गुणाबाई : मंग साधनानं ते कार्ड टाकलं.

मुखरू : तेच सांगाले आलो. साधनाबाईनं नाई टाकलं.

गुणाबाई : तिनं पाठवलं काय तुले?

मुखरू : कार्ड मी लिवलं, वैनी.

गुणाबाई : काय?

मुखरू : मीच. माह्या हातानं. तिच्या गठ्ठ्यात गुपचाप सरकवलं. तिले आज सकाळी सांगतलं, तं रडाले लागली.

गुणाबाई : शेंगा ठेव खाली. केव्हा लिवलं?

मुखरू : भाऊ गेल्यावर. साधनाबाईच्या घरी कार्डायचा गठ्ठा पाह्यला, खाज सुटली. म्हनलं, सगळ्यायचे नावं हायेत, भाऊचं नाई. टाकून देल्लं.

गुणाबाई : तुह्या मनानं?

मुखरू : माह्या मनानं.

गुणाबाई : "अजून एक आपरेशन करून पाह्याले पायजे होतं." हेही?

मुखरू : हेही.

गुणाबाई : काऊन?

मुखरू : जोर यावा म्हनून. कार्डात दवाखान्याचं असलं का टीव्हीवाले लवकर उचलते, असं वाटलं.

गुणाबाई : जोर.

मुखरू : मारा मले, वैनी. चप्पल तिथी हाये.

गुणाबाई : शप्पथ घे.

मुखरू : शप्पथ.

गुणाबाई : वाघाच्या येळीही घेतली होती. फारेस्टच्या साहेबापुढं. दिव्यानीची घे.

मुखरू : पोरीले काऊन मधात आनता?

गुणाबाई : घे म्हनलं.

मुखरू : ते पेपर देऊन राह्यली, वैनी. दहावीचे. आता तिची नको.

गुणाबाई : बरं.

मुखरू : मी सांगतलं ना. माहंच पाप हाये. साधनाबाईचं काही नाई त्यात.

गुणाबाई : तिनं तीन डाव येऊन सांगतलं होतं मले. मी टाकलं नाई, बाई, मी टाकलं नाई. तिसऱ्या डावी मी दार लावलं. तिचा पदर अडकला होता दारात. मी उघडलं नाई, तिनंच बाहेरून ओढला. फाटला असन.

मुखरू : टेम्पो थांबला हाये.

गुणाबाई : दीड वर्ष थांबला तू. मंग आज काऊन आला? चाल. शेंगा झाक पह्यले, माकडं येतेत.

(साधनाच्या क्वार्टरचं दार. बाहेर भरलेला टेम्पो.)

साधना : गुणाबाई. याना. पन इथी बसाले काही राह्यलं नाई हो, खुर्च्या चढल्या.

गुणाबाई : बसाले नाई आली. हा सांगून राह्यला, कार्ड यानं लिवलं.

साधना : हो. मलेही आजच सांगतलं.

गुणाबाई : आपल्या मनानं लिवलं म्हनते.

साधना : हो, बाई. यायच्याच मनानं.

गुणाबाई : माह्याकडं पाहून सांग.

साधना : यायच्याच मनानं. असलेच हायेत ना हे. आमाले बदलीचा कागद नवता देल्ला?

गुणाबाई : असन. मी तुले खोटारडी म्हनली होती. चार बायकायपुढं.

साधना : सात होत्या.

गुणाबाई : सात. त्या सातयले आता कुठी जमा करू मी? दोन तं बदलीवर गेल्या.

साधना : राहू द्या ना, बाई.

गुणाबाई : नाई राहू देत. चुकली मी. तुह्या नवऱ्यापुढं म्हनते. प्रफुलभाऊ दोरी बांधून राह्यले तिथून आयकत असतीन. चुकली.

साधना : मीही ते सहीचं बोलली होती. दारात उभी राहून. मी इराले बोलली होती, बाई. आईची आन, इरालेच.

गुणाबाई : माहीत हाये मले. त्या दिशीही माहीत होतं.

साधना : मंग?

गुणाबाई : मंग काय. माहीत असनं वेगळं. कानाले तसं आयकू आलं.

साधना : मलेही कळते, बकवास झाली ते शिरेल. मी काय येडी हाओ? मेलेला परत येत नाई. पन आमच्या घरी माहा भाऊ गेला, मंग सासू गेली, मंग सोमाजीभाऊ गेले. बाहेर मरतेतच ना लोकं. साडेसातले टीव्ही लावला का एक मानूस तं परत आलेला दिसे. तेवढंच पाहात होती मी. डोकं बाजूले ठेवून.

गुणाबाई : मले ते नाई जमलं.

साधना : नसन जमत. तुमी खरं पाह्याले बसत होत्या, मी जितं पाह्याले. इतकी वर्षं एका चटईवर बसलो, कोन काय पाहाते ते कधी इचारलंच नाई.

मुखरू : मी दोघींच्या मधचे वडे पाहात होतो.

गुणाबाई : तू गप. साधना, तिकडं पानी बरं हाये का?

साधना : बोर हाये. जरा खारं लागते. शिमिटाची धूळ येते म्हनते अंगनात, पन घर आपलं हाये. याना एकडाव. कोरपना काही अमेरिका नाई. चंद्रपूरवरून सीधी बस हाये.

गुणाबाई : येईन.

साधना : असं येईन नको. केव्हा?

गुणाबाई : प्रणितची सुट्टी पाहून सांगते.

साधना : म्हंजे नाई.

गुणाबाई : येईन म्हनलं ना. तुहा पदर फाटला होता का गं त्या दिशी? दारात?

साधना : कोनत्या दिशी? नाई बाई. मले आठवतही नाई.

गुणाबाई : बरं. बस आता गाडीत, डायव्हर हारन देऊन राह्यला. खिडकीकडून बस. तुले मळमळते.

साधना : येते मी, बाई. मुखरूभाऊ, ध्यान ठेवजा.

मुखरू : ठेवतो, वैनी. कोरपन्यात खोटी चिठ्ठी आली तं समजून घ्या.

गुणाबाई : वळली गाडी?

मुखरू : वळली. टाकीपासून वळली.

गुणाबाई : मले आता एवढ्या दूरचं दिसत नाई.

मुखरू : चाला, घरी सोडतो. उरल्या शेंगा सोलू.

गुणाबाई : मुखरू, तुह्या किती चिठ्ठ्या पाह्यल्या मी आजवर?

मुखरू : पन्नास-साठ असतीन.

गुणाबाई : बदलीचा कागद पाह्यला. हरिदासले लग्नाचं पत्र लिवलं होतं तुनं पोरीच्या नावानं, ते पाह्यलं. डॉक्टरच्या तेरवीचं कार्ड पाह्यलं. सगळ्यायत कुठी तरी हासू होतंच. तुले लपवताच येत नाई ते. कोपऱ्यात तरी एखादी खोड रायतेच तुही.

मुखरू : हो. आदत हाये.

गुणाबाई : त्या कार्डात नवती.

मुखरू : वैनी...

गुणाबाई : टीव्हीवर वाचलं तवाच समजलं होतं मले. साधनाचंही नवतं ते. ती लिवन तं दोन पानं लिवन. पन साधनाचं म्हनलं का मले झोप येत होती. म्हनून म्हनत राह्यली.

मुखरू : मी माह्या मनानंच...

गुणाबाई : पुरे आता. तिनं जाता जाता खोटं बोललं माह्यासाठी, तू दिव्यानीची शप्पथ गिळली. लय झालं तेवढं. मी गोळ्या आनाले खाली गेली होती तवाच ना?

मुखरू : हो.

गुणाबाई : लाईन होती खाली. अर्धा तास लागला मले. आनखी काय म्हनले ते?

मुखरू : काही नाई. कार्ड लिवून झालं तं नळी लावून घेतली परत.

गुणाबाई : खरं सांग.

मुखरू : म्हनले, गुणीपुढं काढू नको हे. थे तीन महिने झाले बाकावर झोपून राह्यली. थकली हाये म्हने.

गुणाबाई : थकली होती रे मी. लय थकली होती.